चोरिसां की गोवा सॉसेज: एका लेबलवरच्या नावाचं प्रकरण

हे प्रकरण दक्षिण गोव्यातल्या, सासष्टीतल्या एका घराचं आहे. घराचं, गावाचं आणि पुण्यातल्या दुकानाचं नाव मी देत नाही, आणि ओळख पटेल असे एकदोन तपशील बदलले आहेत. छोट्या घरगुती खाद्यउद्योगांना नोंदणी आणि लेबल यांसाठी मदत करणं हे माझं काम. या प्रकरणात मी सुरुवातीपासून होते, आणि पहिली मोठी चूक माझ्याच हातून झाली. म्हणून सगळं सविस्तर लिहिते आहे.

पार्श्वभूमी

गोव्यातल्या ख्रिस्ती घरांत एप्रिल-मे हे पुरुमेंताचे दिवस. पुरुमेंत म्हणजे आपली पावसाळ्याची बेगमी. शब्द पोर्तुगीजमधून आलेला. खारवलेले मासे, सोलं, सुक्या मिरच्या, व्हिनेगर, आणि या सगळ्यांबरोबर चुलीवर दोरीला टांगलेल्या लालभडक माळा. आतड्यात भरून वाळवलेल्या या मसालेदार पोर्कला कोकणीत चोरीस म्हणतात, अनेकवचन चोरिसां. इंग्रजीतून बोलताना हेच गोंयकार त्याला सॉसेज म्हणतात. हे दुसरं नाव लक्षात ठेवा, पुढे त्याचं काम आहे.

आमच्या प्रकरणातल्या आंटी सत्तरीच्या उंबरठ्यावर होत्या. सासूकडून शिकलेलं काम त्यांनी चाळीसेक वर्षं केलं. पोर्कचे सुपारीएवढे तुकडे करायचे, चरबी ठेवायची, मीठ लावून रात्रभर वजनाखाली दडपायचे, म्हणजे पाणी निघून जातं. मग कडक ऊन. मग सुक्या लाल मिरच्या, लसूण, आलं, मिरी, लवंग, दालचिनी, जिरं, हळद हे सगळं माडाच्या सुरेच्या व्हिनेगरमध्ये वाटून तो मसाला चोळायचा आणि दोनतीन दिवस मुरवायचं. मग स्वच्छ केलेल्या आतड्यात ठासून भरायचं, दोऱ्याने गाठी मारत माळ करायची आणि पुन्हा ऊन, नंतर चुलीवरचा धूर. पोर्तुगालमध्ये याच नावाच्या पदार्थाला वाइन आणि सौम्य लाल मिरचीची पूड घालतात. इथे तिची जागा झणझणीत मिरचीने घेतली आणि वाइनची जागा सुरेच्या व्हिनेगरने. साडेचारशे वर्षांत नाव तिकडचं राहिलं, चव इथली झाली.

खाण्याची रीतही सांगायला हवी, कारण सगळं प्रकरण तिच्यावरच फिरतं. चोरीस तसाच तव्यावर टाकत नाहीत. दोरा काढायचा, वरचं आतडं सोलून टाकायचं, आतलं मांस मोकळं करायचं, भरपूर कांदा आणि थोडं पाणी घालून झाकण ठेवून मंद आचेवर शिजवायचं. तेल घालायचं नाही, चरबी सुटते तीच पुरते. मग पोदेराकडच्या, म्हणजे पाववाल्याकडच्या, ताज्या पावात किंवा पोई नावाच्या गोल पावात भरायचं. भातात घातलं की पुलाव होतो, राजमा-चवळीसारख्या कडधान्यात घातलं की फेजुआद. मिठामुळे आणि व्हिनेगरमुळे ते टिकतं, पण आत मांस कच्चंच असतं. ते शिजवावंच लागतं.

आंटींचा मुलगा प्रवासी जहाजावर स्वयंपाकी होता. कोविडच्या काळात नोकरी गेली आणि तो घरी आला. आईचा माल शेजारीपाजारी, चर्चच्या ओळखीत आणि मुंबईच्या नातेवाइकांत विकला जात होता. त्याला तो पाकिटात घालून बाहेर पाठवायचा होता. वार्षिक उलाढाल १२ लाखांच्या आत असल्याने एफएसएसएआयची, म्हणजे केंद्राच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाची, साधी नोंदणी पुरेशी होती, ती मी करून दिली. हवा काढून बंद करायचं यंत्र त्याने आणलं. पुण्यात गोठवलेलं मांस विकणाऱ्या एका दुकानदारांनी पहिली ऑर्डर दिली. राहिलं लेबल.

अडचण

अडचण एका दिवसात समोर आली नाही. ती दोन टप्प्यांत आली.

पहिला टप्पा २०२२ च्या एप्रिलमधला. दुकानदार फोनवर म्हणाले, “मॅडम, चोरीस लिहू नका. माझ्याकडचं मराठी गिऱ्हाईक ते वाचेल आणि म्हणेल, काय चोरीस गेलं? गोवा सॉसेज लिहा, सगळ्यांना कळतं.” मला ते पटलं. आपल्याकडे ‘चोरीस’ हा शब्द ‘गेला’ या क्रियापदाशिवाय कानावर पडत नाही. त्याच संध्याकाळी मी ‘गोवा सॉसेज’ असं लेबल करायला दिलं. आंटींना विचारलं नाही. मुलाला सांगितलं, तो बरं म्हणाला. माझ्या डोक्यात तेव्हा नाव म्हणजे विक्रीची बाब होती, आणि विक्री करणारा दुकानदार होता.

महिनाभरात दुकानातून तक्रारी आल्या. माल खराब आहे, आंबट लागतो. वरचं आवरण रबरासारखं आहे, चावत नाही. तळताना तेल उडालं आणि बाहेरून काळं झालं तरी आतून कच्चं राहिलं. दोघांनी पैसे परत मागितले. मी त्यातल्या काही लोकांना दुकानदारांच्या परवानगीने फोन केले. एका बाईंनी अगदी मनापासून सांगितलं, “अहो, आम्ही मुलांना डब्यात देतो ते चिकन सॉसेज असतं ना, तसंच केलं. तेलात परतलं आणि टोमॅटो सॉसबरोबर दिलं.” त्यांचं काहीच चुकलं नव्हतं. पुण्यामुंबईच्या घरात सॉसेज या शब्दाचा अर्थ ठरलेला आहे: उकडून तयार आलेली, गुळगुळीत, फिक्या रंगाची कांडी, जी फक्त गरम करायची असते. नावाने त्यांना जे करायला सांगितलं तेच त्यांनी केलं. मागच्या बाजूला बारीक अक्षरात कृती छापलेली होती. ती कुणी वाचली नव्हती, आणि वाचावी लागेल असं त्यांना वाटायचंही काही कारण नव्हतं.

दुसरा टप्पा जास्त गंभीर. मुलाने ठरवलं की सॉसेज हा शब्दच नको. जहाजावर त्याने स्पॅनिश ‘चोरिझो’ पाहिला होता; मोठ्या शहरांतल्या पिझ्झा-पास्ता खाणाऱ्यांना तो शब्द ठाऊक आहे आणि त्याला भावही चांगला मिळतो. पुढच्या खेपेला पाकिटावर ‘गोवन चोरिझो’ आलं. या वेळी मी विरोध केला नाही; आधीच्या फजितीनंतर मी जरा गप्प होते. माल लवकर खपला, तक्रारही नाही. जुलैमध्ये दुकानदारांचा फोन आला. एका घरात पार्टी होती. यजमानांनी चोरिझोच्या पातळ चकत्या केल्या आणि चीज-बिस्किटांबरोबर तशाच, न शिजवता, पाहुण्यांपुढे ठेवल्या. स्पेनमधला वाळवून मुरवलेला चोरिझो असाच खातात, त्यांनी तो परदेशात खाल्ला होता. चवीला विचित्र वाटल्याने बहुतेकांनी एखाददुसरा तुकडा खाऊन सोडला. दोघांना रात्री उलट्याजुलाब झाले. त्याच टेबलावर आणखी पाच पदार्थ होते, त्यामुळे कारण हेच असं कुणी म्हणू शकत नाही. दोघंही दोन दिवसांत बरे झाले. पण कच्च्या पोर्कमधून साल्मोनेलासारखे जंतू आणि पट्टकृमी पोटात जाऊ शकतात, हे मला माहीत होतं. त्या रात्री मला झोप आली नाही. विक्रीची बाब म्हणून ज्याकडे पाहिलं, ते नाव लोकांच्या पोटापर्यंत पोहोचलं होतं.

उरलेली पाकिटं दुसऱ्याच दिवशी परत मागवली. हा निर्णय आम्ही कुणाला न विचारता घेतला आणि तो बरोबर होता.

समोर असलेले पर्याय

मग आंटींच्या बलकांवात, म्हणजे घरापुढच्या ओसरीत, आम्ही बसलो. आंटी, मुलगा, सून, आंटींचे थोरले भाऊ आणि मी. पुण्याचे दुकानदार फोनवर. पावसाची झड होती आणि चुलीवर माळा होत्या. ही बैठक खरं तर एप्रिलमध्ये व्हायला हवी होती.

प्रत्येकाचं नाव वेगळं होतं आणि प्रत्येकाजवळ कारण होतं.

दुकानदारांचं म्हणणं कायम: गोवा सॉसेज. त्यांचा मुद्दा हलका नव्हता. ‘गोवा सॉसेज’ हे पुण्यात कुणी काल शोधलेलं नाव नाही. गोव्याबाहेर गेलेल्या गोंयकारांनीच ते रुजवलं. मुंबईत धोबी तलावच्या आसपास गावोगावच्या कुडी, म्हणजे त्या त्या गावच्या लोकांची राहण्याची ठिकाणं, होत्या, जहाजावर जाणारे खलाशी तिथे उतरायचे, आणि टिकाऊ म्हणून घरून चोरिसां बरोबर आणायचे. गोव्यात राहून कुणी त्याला ‘गोवा’ लावणार नाही. ते विशेषण बाहेर गेल्यावरच लागतं. सूनही म्हणाली की तिच्या माहेरी इंग्रजीतून बोलताना सॉसेजच म्हणतात, आणि त्यात त्यांना काही परकं वाटत नाही. हे ऐकल्यावर ‘सॉसेज म्हणजे बाहेरच्यांनी लादलेलं नाव’ हा माझ्या मनात तयार होत असलेला सोपा निष्कर्ष मोडला.

मुलाला अजूनही चोरिझो हवं होतं, फक्त ‘शिजवून खा’ हे मोठ्या अक्षरात. त्याचा हिशोब सरळ होता: या नावाने माल गेला.

आंटींचे भाऊ १९६१ च्या आधी पोर्तुगीज शाळेत शिकलेले. त्यांना चोरिझो हा शब्द ऐकूनच राग आला. ते स्पेनचं, म्हणाले, आपल्यावर स्पेनने राज्य केलं नाही. त्यांना पोर्तुगीज स्पेलिंग हवं होतं, शेवटच्या ‘सी’ खाली शेपटी असलेलं, ज्याचा उच्चार साधारण ‘शोरीसु’ होतो. त्यांच्या लहानपणी घरात येणाऱ्या पाहुण्यांसमोर हाच शब्द वापरला जायचा. मी त्यांना विचारलं, “अंकल, स्वयंपाकघरात काय म्हणायचे?” ते जरा थांबले आणि म्हणाले, स्वयंपाकघरात चोरीसच.

आंटी बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग मला म्हणाल्या, “बाय, तू सगळ्यांना विचारलंस. करणारीला शेवटी.” आणि त्यांनी एकच गोष्ट सांगितली. बाजारात बसणाऱ्या बाईकडे गिऱ्हाईक येतं तेव्हा ते चोरीस मागत नाही, चोरिसां मागतं. एक चोरीस कुणी घेत नाही. माळ घेतात, डझन घेतात. पाकिटात एक नसतो, आठ-दहा असतात. मग त्याला एकाचं नाव का?

या वाक्याने प्रकरणाची गाठ सुटली, तरी ते माझ्या लक्षात यायला दोन दिवस लागले. चोरीस हे मराठी वाचकाला चतुर्थी वाटतं, चोरी या शब्दाची. चोरिसां वाचून तसं वाटत नाही. शेवटच्या अनुस्वाराने तो शब्द लगेच कोकणी होतो, आपल्या ‘पोरं’, ‘आंबे’ यांच्यासारखा अनेकवचनी ऐकू येतो, आणि त्यातली चोरी निघून जाते. दुकानदारांची एप्रिलमधली हरकत खरी होती, पण तिचं उत्तर नाव टाकून देणं हे नव्हतं. उत्तर त्या शब्दाच्याच दुसऱ्या रूपात होतं, आणि ते जिच्याकडे होतं तिला मी विचारलं नव्हतं.

आणखी एक पर्याय सुचला होता: काहीतरी नवं, ब्रँडचं नाव ठेवायचं आणि वाद टाळायचा. तो कुणालाच आवडला नाही, मलाही नाही. पदार्थाला नाव असताना नवं नाव देणं म्हणजे घरातल्या माणसाला परक्या नावाने हाक मारणं.

कायदा काय सांगत होता

लेबल आणि प्रदर्शनाविषयीचे एफएसएसएआयचे २०२० चे नियम मी पुन्हा नीट वाचले. पाकिटाच्या दर्शनी भागावर पदार्थाचं नाव हवं, आणि ते पदार्थाचं खरं स्वरूप सांगणारं हवं. दिशाभूल करणारं नको. सक्तीचा मजकूर इंग्रजीत किंवा देवनागरी हिंदीत असावा लागतो. त्याशिवाय दुसरी कोणतीही भाषा जोडता येते. घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने. मांसाहारी खूण म्हणजे आता तपकिरी चौकटीत तपकिरी त्रिकोण. आमच्या पहिल्या छपाईत मुद्रकाने जुनी, गोल ठिपक्याची खूण टाकली होती, हेही त्याच वेळी सापडलं.

म्हणजे कायदा ‘चोरिसां’ लिहू नका असं म्हणत नव्हता. तो म्हणत होता की त्यासोबत हे काय आहे ते सांगा. आम्ही तीन महिने ‘हे की ते’ असं भांडत होतो. नियमांत मात्र रूढ नाव आणि स्वरूपाचं वर्णन या दोन वेगळ्या गोष्टी होत्या आणि दोन्हींना जागा होती.

न्यू जर्सीत राहणाऱ्या माझ्या मावसबहिणीने या संदर्भात मला तिथली एक गोष्ट सांगितली, ती फार उपयोगी पडली. ट्रेंटन शहरातल्या जॉन टेलर यांनी १८५६ मध्ये पोर्कचा एक प्रक्रिया केलेला गोळा बाजारात आणला आणि त्याला ‘प्रिपेअर्ड हॅम’ म्हटलं. १९०६ मध्ये अमेरिकेत खाद्यपदार्थांच्या शुद्धतेचा कायदा आला आणि हॅमच्या व्याख्येत तो बसेना, म्हणून पाकिटावर ‘पोर्क रोल’ आलं. तरीही राज्याच्या उत्तर भागात लोक आजही ‘टेलर हॅम’ म्हणतात आणि दक्षिण भागात ‘पोर्क रोल’, आणि त्यावरून तावातावाने भांडतात. लेबलवरचं नाव बदललं म्हणून लोकांच्या तोंडातलं नाव शंभर वर्षांतही गेलं नाही. तिच्या ऑफिसातल्या दोघांचं या विषयावर बोलणं बंद होतं म्हणे. मला त्यातून इतकंच घ्यायचं होतं की दोन नावं एकत्र नांदू शकतात. पाकिटावरच्या नावाने पदार्थ ओळखू यावा, आणि घरात ज्याने त्याने हवं ते म्हणावं.

जवळचं उदाहरण फेणीचं. काजूच्या फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं ते फेणी याच नावाने. काजूची ब्रँडी किंवा गोवा लिकर असं नाव लावलं असतं तर बाहेरच्या गिऱ्हाइकाला कदाचित लवकर कळलं असतं. पण नाव राहिलं, आणि लोक ते शिकले. युरोपातही नुसतं चोरिझो किंवा शोरीसु हे नाव कुणाच्या मालकीचं नाही. संरक्षण आहे ते गावाच्या किंवा प्रदेशाच्या नावासकटच्या प्रकारांना, जसं ला रिओहाच्या चोरिझोला. हे भावांना सांगितलं तेव्हा त्यांचा विरोध थोडा मऊ झाला. तिकडचेही लोक नुसत्या नावावर हक्क सांगत नाहीत, गावावर सांगतात, हे त्यांना आवडलं.

काय केलं

नवं लेबल छापण्याआधी आम्ही एक साधी चाचणी घेतली. चार वेगवेगळी लेबलं साध्या कागदावर छापून पाकिटांवर चिकटवली आणि दुकानदारांनी ती गिऱ्हाइकांना दाखवली. कोणतं नाव आवडतं हे विचारायचं नाही, असं मी त्यांना बजावलं होतं. प्रश्न एकच: “हे घरी नेल्यावर तुम्ही काय कराल?”

उत्तरं डोळे उघडणारी होती. ‘गोवा सॉसेज’ पाहून बहुतेक जण तळू म्हणाले. ‘चोरिझो’ पाहून, ज्यांना शब्द माहीत होता ते चकत्या कापू म्हणाले. पोर्तुगीज स्पेलिंग कुणाला वाचताच आलं नाही. आणि ‘चोरिसां’ पाहून लोकांनी काय केलं? त्यांनी पाकीट उलटलं आणि विचारलं, “हे कसं करायचं?” अनोळखी नावाचा तोटा म्हणून आम्ही जे धरून बसलो होतो, तोच त्याचा सगळ्यात मोठा फायदा निघाला. ओळखीचं नाव माणसाला कृती वाचू देत नाही. अनोळखी नाव वाचायला लावतं. गोंयकार गिऱ्हाइकांनी अर्थातच काही विचारलं नाही. एका म्हाताऱ्या गृहस्थांनी नाव वाचलं आणि तीन पाकिटं उचलली.

शेवटी लेबल असं ठरलं. सर्वांत मोठ्या अक्षरात ‘चोरिसां’, देवनागरीत आणि रोमन लिपीत, दोन्ही सारख्याच आकारात. सासष्टीत ख्रिस्ती कोकणी बरीचशी रोमन लिपीत लिहिली-वाचली जाते. १९८७ च्या राजभाषा कायद्यात देवनागरी कोकणीला स्थान मिळालं तेव्हापासून लिपीचा प्रश्न तिथे दुखरा आहे. एक लिपी मोठी आणि एक लहान करून नवीन भांडण ओढवून घ्यायचं नव्हतं. त्याखाली इंग्रजीत वर्णन: गोवन पोर्क सॉसेज, कच्चं. त्याखाली लाल पट्टीत मराठीत तीन सूचना, दर्शनी बाजूलाच: “सोलून घ्या. तेल घालू नका. कांद्याबरोबर पूर्ण शिजवून खा.” आणि एक लहान ओळ: “आंबट चव व्हिनेगरची आहे.”

मराठी मजकुरात मांसाला काय म्हणायचं यावरही थोडी चर्चा झाली. मी आधी ‘डुकराचं मांस’ लिहिलं होतं. दुकानदार म्हणाले, पोर्क खाणारं मराठी गिऱ्हाईक ते पोर्क म्हणूनच खातं, डुक्कर म्हणून नाही. कोकणातल्या, देशावरच्या काही घरांत डुकराचं मटण असं सरळ म्हणतात हे खरं, पण पुण्याच्या त्या दुकानात नाही. तिथे पोर्क ठेवलं.

चोरिझो हा शब्द मुलाने पाकिटावरून काढला. त्याच्यासाठी हे सोपं नव्हतं. जास्त भाव त्याच नावाला मिळाला होता. बैठकीत त्याने आईला विचारलं, “मांय, तुला चालेल का, थोडा कमी माल गेला तर?” आंटींनी हात हलवून ‘चालेल’ अशी खूण केली. निर्णय तिथे झाला. कागदावर मी त्याची कितीही कारणं लिहिली तरी तो असा झाला.

काय झालं

विक्री सुरुवातीला घसरली. दोन महिने दुकानदार दर आठवड्याला मला त्याची आठवण करून देत होते. दिवाळीनंतर ती सावरली, आणि पुढच्या उन्हाळ्यात पहिल्या वर्षापेक्षा थोडी वर गेली. त्यात नावाचा वाटा किती आणि डिसेंबरात गोव्याला जाऊन आलेल्या पुणेकरांचा किती, हे वेगळं काढता येणार नाही. आंबट लागल्याची तक्रार बंद झाली. रबराच्या आवरणाची एक आली, त्या माणसाने सोललं नव्हतं. कच्चं खाल्ल्याचं पुन्हा ऐकू आलं नाही.

दुकानाच्या ऑनलाइन यादीत अजून ‘गोवा सॉसेज’ आहे, कारण लोक तेच शोधतात. आम्ही ते मान्य केलं, फक्त पाकिटाचा फोटो नव्या लेबलचा असावा आणि ‘कच्चं, शिजवून खाण्याचं’ हे शब्द नावाला लागूनच यावेत अशी अट घातली. मुलगा किनाऱ्यावरच्या हॉटेलांना माल देतो तेव्हा तोंडी चोरिझो म्हणतो, आणि तिथला आचारी शिजवल्याशिवाय देणार नाही, म्हणून त्यात मला धोका दिसत नाही. भावांचं समाधान झालेलं नाही. ते पाकिटाकडे बघतात आणि शेपटीचं ‘सी’ कुठे आहे म्हणून विचारतात. त्यांना दुखावलं याचं मला वाईट वाटतं. पाकिटावर त्यांच्या शब्दाला जागा देता आली नाही, कारण गिऱ्हाइकाला तो वाचता येत नव्हता. पण एका ओळीत या पदार्थाचा पोर्तुगीज वारसा सांगणं शक्य होतं, आणि ते आम्ही केलं नाही.

वेगळं काय करता आलं असतं

पहिली चूक एप्रिलची संध्याकाळ. फोन ठेवल्यावर मी आंटींकडे जायला हवं होतं, अंतर पंधराच किलोमीटरचं होतं. मी मूळची सावंतवाडीची, आमच्या घरी मासे आणि कोंबडी, चोरीस मी तोवर एकदोनदा बाहेरच खाल्ला होता, केला कधीच नव्हता. जो पदार्थ स्वतः रांधला नाही त्याचं लेबल करताना आधी रांधायला शिकायला हवं होतं. सोलायचं कसं ते एकदा हाताने केलं असतं, तर ‘सॉसेज’ लिहिताना हात थांबला असता.

दुसरी, चोरिझोला विरोध न करणं. ही मला जास्त टोचते. पहिल्या वेळी मला माहीत नव्हतं. दुसऱ्या वेळी स्पॅनिश चोरिझो न शिजवता खातात हे मला ठाऊक होतं. मी चुकले होते म्हणून गप्प बसले, आणि गप्प बसणं ही दुसरी चूक झाली. अशा कामात सल्लागाराचा मान गेला तरी चालतो, बोलणं थांबता कामा नये.

तिसरी गोष्ट छपाईची. दोन्ही वेळा आम्ही पाकिटांवर थेट छापून घेतलं आणि दोन्ही वेळा उरलेला गठ्ठा वाया गेला. नाव पक्कं होईपर्यंत साध्या पाकिटावर चिकटवायची लेबलं वापरायला हवी होती. आता मी सगळ्यांना तेच सांगते.

चाचणीचा प्रश्न मात्र मी पुन्हा तसाच ठेवेन. गेल्या वर्षी कुडाळच्या एका बचत गटाचं सुक्या कोळंबीचं पाकीट होतं, त्यावर त्यांना ‘सोडे’ हवं होतं आणि मुंबईच्या दुकानाला ‘ड्राय प्रॉन्स’. मी आधी कुडाळला गेले, त्यांच्याबरोबर सोडे निवडले, भिजवले, शिजवले. मग दुकानात जाऊन गिऱ्हाइकांना विचारलं, हे घरी नेऊन काय कराल. बऱ्याच जणांनी न भिजवता तेलात टाकू असं सांगितलं.

यंदाच्या पुरुमेंताच्या आधी आंटींनी मला बोलावलं. त्यांना पाकिटावर एक शब्द वाढवायचा होता. माळेला गिऱ्हाईक माळच म्हणतं, मग पाकिटावर ‘८ नग’ का लिहिलंय, ‘१ माळ’ का नाही, असा त्यांचा प्रश्न होता. निव्वळ वजन ग्रॅममध्ये दिलेलं असेल तर बाजूला ‘१ माळ’ लिहायला हरकत नाही, असं मी नियम पाहून त्यांना सांगितलं. पुढची छपाई मे महिन्यात आहे.